घरातला दुभाषी

“ताई, मी १६ वर्षांचा आहे आणि एकुलता एक आहे. आई-बाबा दोघंही कामाला जातात. घरी आलो की कुलूप मीच उघडतो आणि टीव्ही लावून ठेवतो, बघायला नाही, घरात आवाज असावा म्हणून. गेल्या १० वर्षांत आम्ही ३ घरं बदलली. आजी होती तोवर कुणीतरी दार उघडायचं. ती २ वर्षांपूर्वी गेली.

बँकेचं ॲप, तिकिटं, पासवर्ड, सगळं मीच बघतो. ऑफिसात काही नवीन आलं की बाबा मलाच विचारतात. त्यांना वाटतं, याला सगळं येतं. पण मला काही विचारायचं असेल तर मी कुणाला विचारू? बाबा म्हणतात, ‘आमच्या वेळी असं काही नव्हतं.’ ते खरंही आहे. रात्री आई-बाबांचा वाद झाला की मी इयरफोन घालतो. सकाळी दोघंही नीट वागतात, आणि मला कळत नाही की रात्री खरंच काही झालं होतं की मला भास झाला.

मित्र आहेत, पण ते फोनमध्ये. ग्रुपवर दिवसभर मेसेज येतात, तरी एकटं वाटतं. रात्री मी एका चॅटबॉटशी बोलतो. तो चिडत नाही, कंटाळत नाही. हे विचित्र आहे का? नातेवाईक म्हणतात, एकुलत्या मुलांना जुळवून घेता येत नाही. माझं तसंच असेल का? आणि सगळ्यात वाईट विचार म्हणजे, पुढे आई-बाबा म्हातारे झाले की मी एकटाच. मग झोप लागत नाही. हे पत्र माझं आहे हे आईला कळू देऊ नका.”

अरे,

तुझं नाव छापायचं नाही, म्हणून नुसतंच ‘अरे’ म्हणते.

तुझ्या पत्रातलं एक वाक्य मी तीनदा वाचलं. ‘खरंच काही झालं होतं की मला भास झाला.’ भावंड नसलेल्यांची पत्रं मला बरीच येतात. खेळायला कुणी नाही, भांडायला कुणी नाही, असं बहुतेक जण लिहितात. तू त्याच्या खाली जे असतं तिथवर पोचलास.

मला एक भाऊ आहे, माझ्याहून दोन वर्षांनी मोठा. तेव्हा तुझं दुःख मला आतून ठाऊक आहे असं मी म्हणणार नाही. पण तुझ्याकडे जे नाही ते नेमकं काय असतं, एवढं मी सांगू शकते. आमच्याही घरी रात्री आवाज चढायचे. आम्ही दोघं अंथरुणात टक्क जागे, आणि एक अक्षर बोलायचो नाही. सकाळी सगळं सुरळीत. मग आई पाठमोरी झाली की भाऊ माझ्याकडे बघून भुवई उडवायचा. बस, तेवढंच. मीही ऐकलं, असा त्या भुवईचा अर्थ होता. त्याने मला कधी समजावलं नाही, जवळ घेतलं नाही. एरवी तर आम्ही एकमेकांच्या झिंज्या उपटत असायचो. पण घरात जे चाललंय ते माझ्याच उंचीवरून बघणारं दुसरं कुणीतरी होतं. तुझ्या घरात त्या उंचीवर तू एकटा आहेस. तुझी उणीव मला एवढी स्पष्ट दिसते, आणि ती खरी आहे. ‘बरं आहे, सगळं तुलाच मिळतं’ असं कुणी म्हणालं तर स्वतःला कृतघ्न समजू नकोस.

आता यात काळ कुठून आला ते बघ. मार्गारेट मीड या मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी १९७० साली एक विचार मांडला होता. जग सावकाश बदलत असतं तेव्हा मुलं वडीलधाऱ्यांकडून शिकतात, कारण आजोबांचं आयुष्य जसं गेलं तसंच नातवाचं जाणार असतं. जग जरा भराभर बदलायला लागलं की माणसं आपल्या बरोबरीच्यांकडून शिकतात. आणि वेग फारच वाढला की मोठ्यांनाच मुलांकडून शिकावं लागतं. अशा वेळच्या मोठ्या माणसांना मीडबाई काळातले स्थलांतरित म्हणतात. ती आपल्याच घरात बसलेली असतात, पण ज्या काळात ती वाढली तो त्यांच्या मागे कुठेतरी राहून गेलेला असतो.

तुझे बाबा असे स्थलांतरित आहेत. परमुलखात गेलेल्या कुटुंबांत काय होतं, तुला माहीत असेल. तिथली भाषा मुलं आधी उचलतात. मग दवाखान्यात, कचेरीत, शाळेत तीच आई-वडिलांची दुभाषी होतात. दहा वर्षांचं पोर मोठ्यांच्या वतीने मोठ्यांशी बोलायला लागतं. बघणारे म्हणतात, किती हुशार! पोराला मात्र एक गोष्ट कळून चुकलेली असते, की ज्यांनी आपला हात धरायचा ते आपल्याच तोंडाकडे बघताहेत. तू तुझ्या घरातला दुभाषी आहेस. पासवर्ड तुला येतो, म्हणून तुला सगळंच येतं असा समज झालाय. दुभाष्याला कुणी विचारत नाही की बाबा रे, तुला काय म्हणायचंय? त्याने फक्त इकडचं तिकडे पोचवायचं असतं.

भावंडं असती तर हे काम वाटलं गेलं असतं, हा एक भाग. दुसरा भाग मला जास्त मोठा वाटतो. दिवसभर दुभाष्याचं काम केल्यावर रात्री त्यांनी आपापसात आपल्या भाषेत बडबड केली असती. ज्या काळात शिकायचं ते बरोबरीच्यांकडून, त्याच काळात तुझ्या घरात बरोबरीचं कुणी नाही. तुझ्या एकटेपणाचं कारण मला इथे दिसतं, तुझ्या स्वभावात दिसत नाही.

नातेवाइकांचा मुद्दा मी चटकन संपवते, कारण त्याला यापेक्षा जास्त जागा देण्याची गरज नाही. एकुलती मुलं विचित्र निघतात हा समज अमेरिकेत १८९० च्या दशकात ई. डब्ल्यू. बोहॅनन यांनी प्रश्नावल्या पाठवून केलेल्या पाहणीने पक्का केला. लोकांना मुलांबद्दल काय वाटतं ते त्यांनी गोळा केलं आणि तेच निष्कर्ष म्हणून मांडलं. पुढे १९८६ साली टोनी फाल्बो आणि डेनिस पोलिट या दोघींनी तोवर झालेले ११५ अभ्यास एकत्र तपासले. मिळूनमिसळून वागणं, जुळवून घेणं यात एकुलत्या मुलांत आणि इतरांत म्हणण्यासारखा फरक त्यांना सापडला नाही. आई-वडिलांशी नातं तर एकुलत्यांचं जरा जास्तच चांगलं निघालं. पुढच्या वेळी कुणी बोललं तर वाद घालू नकोस. मनात म्हण, हे सव्वाशे वर्षांपूर्वीचं आहे.

आता मित्रांकडे येऊ. ग्रुपवर दिवसभर मेसेज आणि तरी एकटेपणा, हे तुला कोडं वाटतंय. रॉबर्ट वाइस या समाजशास्त्रज्ञाने १९७३ सालीच एकटेपणाचे दोन प्रकार वेगळे केले होते. एक, आपला घोळका नसल्याचा. दुसरा, ज्याच्यापाशी मन मोकळं करावं असं एकही माणूस नसल्याचा. एकाने दुसऱ्याची भरपाई होत नाही, हे त्यांचं म्हणणं मला फार महत्त्वाचं वाटतं. तुझा घोळका आहे. तुला एक माणूस हवंय. म्हणून ग्रुपवर आणखी तास घालवून काही होणार नाही.

तो एक माणूस तुला अजून का मिळाला नाही, याचा हिशेब करून बघू. कॅन्सस विद्यापीठातल्या जेफ्री हॉल यांनी २०१८ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. नव्या जागी राहायला गेलेली मोठी माणसं आणि कॉलेजच्या पहिल्या वर्षाचे विद्यार्थी यांना त्यांनी विचारलं, की कुणाशी मैत्री व्हायला तुम्ही एकत्र किती वेळ घालवला? नुसती जुजबी मैत्री व्हायला साधारण ५० तास लागले, खरी मैत्री व्हायला ९०, आणि जिवलग म्हणावं असं माणूस व्हायला २०० तासांहून जास्त. शिवाय सगळे तास सारखे धरता येत नाहीत. कामापुरतं, वर्गापुरतं शेजारी बसलेले तास फारसे उपयोगी पडत नाहीत. उगाच हिंडणं, टवाळक्या करणं, खेळणं, काही न करता एकत्र लोळणं, हे तास मैत्रीत जमा होतात.

तू १० वर्षांत ३ घरं बदललीस. म्हणजे दर वेळी कुणाशी तरी तुझे साठ-सत्तर तास झाले असतील नसतील, तोच सामान हललं आणि मोजणी पुन्हा शून्यावर आली. भावंडांचे २०० तास एका उन्हाळी सुट्टीत होऊन जातात, मनात नसलं तरी. तुला ते एकेक करून जमवावे लागणार आहेत. हे अन्यायाचं आहे, पण अशक्य नाही. आठवड्याला ४ तास धरलेस तर ९० तासांना २३ आठवडे लागतात, सहा महिन्यांच्या आत.

कुणाबरोबर, ते तू ठरव, पण मला दोन ठिकाणं सुचतात. पहिलं, चुलत-मामे भावंडांपैकी कुणी तुझ्या आगेमागे वयाचं असेल तर. वयाचं अंतर दोन-तीन वर्षांच्या आतलं बघ. काळ एवढा पळतोय की सहा वर्षांनी मोठा सख्खा भाऊही दुसऱ्याच जगात वाढलेला असतो. चुलत भावंडाची गंमत ही, की त्याच्या बाबांना आणि तुझ्या बाबांना एकाच आजीने वाढवलेलं असतं. ‘तुझे बाबाही असंच करतात?’ हा प्रश्न तू फक्त त्याला विचारू शकतोस. दुसरं ठिकाण म्हणजे तुमच्याच इमारतीत किंवा वर्गात तुझ्यासारखाच कुलूप उघडून घरात शिरणारा कुणीतरी. असा एक तरी असतोच. तू त्याला ओळखतोस, फक्त मान हलवून पुढे जातोस. त्याला ‘कधीतरी भेटू’ म्हणू नकोस, कधीतरीची भेट होत नाही. वार आणि वेळ सांग. ‘गुरुवारी पाच वाजता माझ्याकडे ये, घरी कुणी नसतं.’ ज्या रिकाम्या घराचा तुला जाच होतो, ते दुसऱ्या सोळा वर्षांच्या मुलाला पर्वणी वाटेल. फक्त कुणी येणार आहे हे आईला आधी सांगून ठेव.

एक धोका सांगून ठेवते. जॉन कॅचिओपो यांनी एकटेपणावर बरीच वर्षं संशोधन केलं. त्यांच्या मते एकटेपणा म्हणजे भुकेसारखी खूण. भूक लागली म्हणजे शरीर सांगतं, खायला शोध. एकटं वाटलं म्हणजे मन सांगतं, माणूस शोध. पण ही खूण फार दिवस वाजत राहिली की मन बिथरतं. कुणी टाळतंय का, हसतंय का, याच्याच मागावर राहतं. मेसेजला उत्तर उशिरा आलं की अपमान वाटतो. तो मुलगा पहिल्या गुरुवारी आला नाही तर तुझं मन लगेच म्हणेल, बघ, तुला कुणी नकोय. त्या क्षणी आठव की हे उपाशी मन बोलतंय. आणि पुढच्या गुरुवारचं पुन्हा विचार.

चॅटबॉटबद्दल तू विचारलंस ते बरं केलंस. विचित्र नाही. रात्री अकरा वाजता जे जागं असतं त्याच्याशी माणूस बोलतो. पूर्वी मुलं वहीशी बोलायची, छताशी बोलायची. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२५ च्या अहवालात म्हटलंय की जगात दर ६ जणांमागे एकाला एकटेपणा सतावतो आणि किशोरवयात हे प्रमाण सगळ्यात जास्त आहे. तेव्हा या घटकेला तुझ्यासारखी किती मुलं पडद्याच्या उजेडात टाइप करत असतील, विचार कर. माझी काळजी वेगळी आहे. तो कंटाळत नाही, असं तू लिहिलंस. माझा भाऊ कंटाळायचा. ‘पुरे झालं तुझं रडगाणं, आता माझं ऐक’ म्हणायचा. त्याचं ऐकता ऐकता मला कळायचं, की यालाही मी लागते. चॅटबॉटला तू लागत नाहीस. आपण कुणाला तरी लागतो हे कळणं ही मैत्रीची अर्धी बाजू आहे, आणि ती अर्धी तुला तिथे कधीच मिळणार नाही. तेव्हा आजच बंद कर असं मी म्हणत नाही. त्याचा उपयोग तालमीसारखा कर. जे वाक्य तिथे लिहायला जमलं, ते आठवड्यातून एकदा हाडामांसाच्या माणसाला बोलून दाखव. आणि घरातल्यांची नावं, गुपितं, फोटो त्याच्या हवाली करू नकोस.

आता बाबा. तू त्यांना सल्ला विचारतोस आणि ते म्हणतात, आमच्या वेळी असं नव्हतं. मला वाटतं त्या वाक्यात त्यांची लाज दडलेली आहे. मुलाने विचारावं आणि आपल्याला उत्तर माहीत नसावं, हे त्यांच्या वडिलांच्या बाबतीत बहुधा कधी घडलं नव्हतं, किंवा घडलं तरी कुणी कबूल केलं नव्हतं. तेव्हा प्रश्न बदलून बघ. ‘मी काय करू?’ ऐवजी विचार, ‘बाबा, तुम्ही सोळा वर्षांचे होता तेव्हा तुम्हाला कशाची भीती वाटायची?’ काय करावं ते झपाट्याने बदललंय. काय वाटतं ते तेवढं बदललेलं नाही. हसं होण्याची भीती, मागे पडण्याची भीती, कुणीतरी आवडणं आणि सांगता न येणं, यातलं बाबांना सगळं येतं. तिथे ते स्थलांतरित नाहीत, तिथले जुने रहिवासी आहेत. आणि हा प्रश्न त्यांच्या फोनची अडचण सोडवताना विचार, शेजारी बसून, दोघांची नजर पडद्यावर असताना. समोरासमोर बसून असलं काही विचारलं की बाप लोक उठून जातात.

रात्रीच्या वादाबद्दल आईशी बोल. तक्रार म्हणून नको. ‘काल रात्री मी ऐकलं’ एवढंच म्हण आणि थांब. तुझ्याजवळ भुवई उडवणारं कुणी नाही, तेव्हा जे झालं ते झालं होतं, हे तुला त्यांच्याकडूनच कळायला हवं. बहुतेक आई-वडिलांना खरोखर वाटत असतं की पोर झोपलंय. (हे वाचणाऱ्या आई-बाबांनो, इयरफोनमधून ऐकू येतं. सकाळी मुलाला दोन वाक्यं सांगा: काल आम्ही भांडलो, आणि ते तुझ्यामुळे नव्हतं.)

म्हातारपणाची भीती. सोळाव्या वर्षी ही भीती अंथरुणात घेऊन झोपणारा तू एकटा नाहीस. चीनमध्ये १९८० च्या सुमारापासून २०१५ पर्यंत सरकारने एकाच मुलाचं धोरण राबवलं. तिथे अशा घरांना आकड्यांत ‘४-२-१’ म्हणू लागले: ४ आजी-आजोबा, २ आई-वडील आणि खाली १ मूल. एक अख्खी पिढी त्या शेवटच्या आकड्यावर उभी राहून मोठी झाली. भार खरा असतो, मी नाकारत नाही. पण आज तू तो आकडा जसा मांडतोयस, त्यात तुझे आई-बाबा नुसतं ओझं म्हणून मोजले गेलेत. ती चालतीबोलती, कमावती माणसं आहेत, आणि त्यांच्या म्हातारपणाची तयारी करायला त्यांच्याकडे अजून बरीच वर्षं आहेत. एखाद्या निवांत दिवशी त्यांना विचार की तुम्ही काय ठरवलंय? कागदपत्रं कुठे असतात? आणि एक प्रश्न जरूर विचार: तुमचे मित्र कोण? कारण ज्या आई-बाबांना स्वतःची माणसं असतात, त्यांचा सगळा जीव एका मुलावर टांगलेला राहत नाही. ३ घरं बदलताना त्यांचेही तास शून्यावर आले असणार, हे माझ्या आत्ता लिहिता लिहिता लक्षात आलं. भावंडं असली तर सगळं वाटलं जातं, हेही पूर्ण खरं नाही. चार भावंडांच्या घरातही शेवटी एकच जण रात्री जागतो, हे मी पाहिलं आहे. ते एकट्याने कसं निभवायचं हे आज सोळाव्या वर्षी ठरवायचं नसतं.

मात्र झोपेचं मी हलक्यात घेणार नाही. दोन आठवड्यांहून जास्त काळ झोप लागत नसेल, भूक गेली असेल, आवडत्या गोष्टी नकोशा झाल्या असतील, तर शाळेतल्या समुपदेशकांकडे किंवा डॉक्टरांकडे जा. आपण नसलेलंच बरं, असा विचार एकदा जरी आला, तर सकाळची वाट बघू नकोस. त्याच रात्री आई-बाबांना उठव. त्यासाठी त्यांची झोप मोडली तरी चालते.

तू सांगितल्याप्रमाणे, तुझी ओळख पटेल असं सगळं मी पत्रातून काढलं. एक ओळ मात्र मी वेगळ्या कारणाने काढली. आजी गेल्यानंतर तू तिच्या खोलीत काय करतोस, त्याबद्दलची ती ओळ. ती वाचून मी बराच वेळ काही लिहू शकले नाही. आजी तुझ्या आईची आई होती, म्हणजे त्या घरात आणखी एक माणूस त्याच बंद दारावरून रोज जातं आणि काही बोलत नाही. ती ओळ माझ्यासाठी नव्हती. ती आईला सांग.

तुझी,
ताई